प्रिंटर चालू आहे का?

रविवारची सकाळ. हजर तिघं: मी, माझी मुलगी ऋता आणि आतल्या खोलीत आई.

माझ्या वडिलांचा, म्हणजे अण्णांचा, पत्रिका मांडायचा जुना प्रोग्रॅम ऋताने ब्राउझरमध्ये चालवून दाखवला. काळ्या पडद्यावर हिरवी अक्षरं उमटली आणि त्याने विचारलं, प्रिंटर चालू आहे का? तो प्रिंटर अण्णा जायच्या आधीच भंगारात गेला होता. ऋताने 'हो' दाबलं.

"अगं, खोटं कशाला?"

"बाबा, त्याला सगळं खोटंच सांगावं लागतं. कॉम्प्युटर जुनाच आहे, फ्लॉपी आत आहे, प्रिंटर चालू आहे. खरं सांगितलं तर तो तिथेच अडकून बसतो."

प्रोग्रॅम पत्रिका मांडू लागला. त्याच्या ओळखीचं काहीच आता उरलेलं नव्हतं, तरी एका 'हो'वर तो निर्धास्त काम करत होता.

तेवढ्यात आतून आईने विचारलं, "हे आले का रे?"

आईला अलीकडचं काही आठवत नाही. मी दरवेळी खरं तेच सांगतो, की अण्णांना जाऊन चार वर्षं झाली. दरवेळी ती ते पहिल्यांदाच ऐकते आणि पहिल्यांदा रडली होती तेवढीच रडते.

मी पडद्याकडे बघत राहिलो.

"येतीलच एवढ्यात," मी म्हणालो.

"मग चहा टाक. त्यांचाही टाक हो."

मी चार कप पाणी मोजून गॅसवर ठेवलं.