पार्टी चोखी आहे का?

इंग्रजीतल्या काही शब्दांवर माझा काडीचा विश्वास नाही. 'पार्टी' त्यांतला पहिला. सुरतेतल्या उधन्याच्या शाळेत मी इतकी वर्षं इंग्रजी शिकवलं. हा शब्द फळ्यावर लिहिला की मुलं खूश व्हायची, कारण त्यांना एकच पार्टी ठाऊक, केक आणि वेफर्सची. मग मी एकेक अर्थ बाहेर काढायची. निवडणूक लढवते ती पार्टी, कोर्टात एकमेकींसमोर उभ्या राहतात त्या पार्ट्या, सहलीला निघालेलं टोळकं तीही पार्टी. शब्दकोशात बघितलं तर हा फ्रेंचातून आलेला, आणि मुळाशी लॅटिनमधलं 'वाटणी करणं'. म्हणजे जन्मापासूनच भांडणाचा शब्द. तो जेवणावळीपर्यंत कसा पोचला, कोण जाणे.

सुरतेत तर गिऱ्हाइकालाच पार्टी म्हणतात. माझे मिस्टर कापड मार्केटात हिशेब लिहितात. तिथे नवी पार्टी आली की माल देण्याआधी तिच्या शेजारच्या दुकानात, चहावाल्याकडे, हमालांकडे हळूच विचारायचं, पार्टी चोखी आहे का? कारण आज गोड बोलणारी पार्टी उद्या दुकानाला कुलूप लावून पसार होते. मला हा रिवाज फार पटतो. माणसाला त्याच्याबद्दल विचारूच नये, त्याच्या शेजाऱ्याला विचारावं.

त्यामुळे लेकीनं जेवताना सांगितलं की ऑफिसातल्या एका मुलाशी तिला लग्न करायचंय, तेव्हा माझ्या तोंडून निघालं, "पार्टी कुठली?"

"मम्मी, पार्टी काय! माणसं आहेत ती. कामरेजला राहतात, मूळ धुळ्याकडची. साड्यांवर एम्ब्रॉयडरी करायचं छोटं कारखान्यासारखं आहे त्यांचं. मुलगा चांगला आहे, मी सांगते ने."

'मी सांगते' म्हणणाऱ्यांवर तर मी मुळीच विसंबत नाही.

मिस्टरांना चौकशीला पाठवलं. कामरेजचा चहावाला, टेम्पोवाला, शेजारीपाजारी, सगळ्यांनी एकच सांगितलं, माणसं चोख आहेत. मिस्टर निर्धास्त झाले आणि माझी झोप उडाली. अख्ख्या गल्लीचं एकमत? आमच्या सोसायटीत पाण्याची टाकी धुण्यावर होत नाही! नक्की कुठेतरी पाणी मुरत होतं. सगळ्यांना पढवून ठेवलं असणार.

शेवटी मी स्वतःच निघाले. लेकीला सांगितलं, मैत्रिणीकडे जाते. कामरेजला पोचून त्यांच्या शेडमध्ये शिरले आणि मुलाच्या आईला हिंदीत म्हटलं, साड्यांवर काम करून हवंय. बाई साधी, केसांत धाग्यांचे तुकडे अडकलेले. तीही हिंदीतच बोलत डिझाइनं पुढे टाकू लागली. मी 'अच्छा, अच्छा' म्हणत होते, पण डोळे मागच्या उघड्या दारातून घरात. फळीवर औषधाच्या बाटल्या होत्या. कोणाच्या? आतून खोकल्याचा आवाज आला. कोण खोकतंय?

एवढ्यात चहा आला. घोट घेतला आणि मी दचकले. बिनसाखरेचा, भरपूर आलं घातलेला. मी घेते तसाच. मी तर काही सांगितलं नव्हतं.

"साखर नाही घातली?" मी विचारलं.

ती हसली आणि एकदम अहिराणीवर आली. "बहिन, पार्टी कपडा देखस. तुम्ही तं घर देखी राह्यनात."

मला धरणी पोटात घेईल तर बरं असं झालं. तिनं माझ्या हातावर हात ठेवला आणि माझ्यासारख्या मराठीत सांगू लागली, "रागावू नका. तुमची पोर बोलली होती, माझी आई येईल, काहीतरी खोटं सांगून येईल. ओळख दाखवू नका, सगळं घर बघू द्या, चहात साखर घालू नका. माझ्या शब्दावर तिचा भरवसा नाही, तिला डोळ्यांनीच बघू द्या. पण माझ्याच पोटात राहिलं नाही बघा."

मग तिनं खरंच घर दाखवलं. खोकणारे तिचे सासरे होते. मी काय बघितलं ते आता आठवत नाही. मी त्यांची चौकशी करायला गेले होते, आणि त्या घरात माझी चौकशी आधीच पुरी झाली होती, तीही माझ्या पोटच्या पोरीकडून. आणि तिनं सांगितलेलं सगळं खरं होतं. परतताना बसमध्ये मला रडू आलं, रागही आला.

दार लेकीनं उघडलं. मैत्रीण कशी आहे, हे तिनं विचारलंच नाही. "मी कामरेजला गेले होते," मी म्हटलं. आणि चपला काढायच्या आधीच मी विचारलं, "तुला तो मनापासून आवडतो ना?"

आजवर हे मी तिला विचारलंच नव्हतं. ती माझ्याकडे बघत राहिली, डोळे बारीक करून, अगदी माझ्यासारखी.

"का?" ती म्हणाली. "कोणी काय सांगितलं तुला?"