मोठा राउटर आणि बांधून आलेली फाईल

अनोळखी बरणीतलं लोणचं तुम्ही न हुंगता ताटात वाढून घ्याल का? आमच्याकडे घेतात! वडवणीत आमचं इंटरनेट जोडणीचं छोटं ऑफिस आहे. अण्णा मालक, बाळूभाऊ मशिनं सांभाळतात, मी फोन घेते. आमचे किस्से धुळीसारखे साचतात. एक पुसला की खाली दुसरा निघतो.

*

गेवराईकडचा एक गिऱ्हाईक बंद पडलेला राउटर घेऊन आला. राउटर ज्या फाईलवर चालतो, ती त्याने दुसऱ्याच मॉडेलची घातलेली.

"डबा तर सेम दिसतोय की!"

अण्णा म्हणाले, "तुजं अन् तुज्या भावाचं तोंडबी सेम हाय. त्याचा चष्मा घालून मोटरसायकल चालीव बरं!"

*

मग बाळूभाऊंना व्हॉट्सॲप ग्रुपवर एक फाईल मिळाली, आमच्या मोठ्या राउटरची. तो बसला तर अख्खं गाव बसतं आणि आमच्याकडे दुसरा धड नाही.

फाईलचं नाव होतं 'ओरिजिनल फुल स्पीड'.

"ओरिजिनल लिवलंय की, ताई!"

"बाजारात 'असली तूप' अशी पाटी कोण लावतं, बाळूभाऊ?"

"...ज्याचं असली न्हाई त्यो."

तरी फाईल उतरवलीच!

*

राउटरची कंपनी प्रत्येक फाईलची खूण म्हणून लांबलचक आकडा देते. फाईलमध्ये काडीचा फरक पडला तरी आकडा बदलतो. बाळूभाऊंनी एकेक अंक बोट ठेवून जुळवलं आणि पेढे मागवले.

"जुळवायचा आकडा आणला कुठून?" मी विचारलं.

"फाईल आली त्याच झिपमदून!"

"म्हणजे नवऱ्या मुलाची चौकशी त्याच्याच मामाकडे केलीत!"

कंपनीच्या साइटवर पाहिलं. आकडा वेगळा. कुणीतरी फाईल उघडून, आत हात घालून परत बांधली होती.

"जुळंल कसा? स्पीड घातलाय ना आत!" बाळूभाऊ पेढा चावत म्हणाले.

*

अण्णांना घाई. नेट हळू चालतं म्हणून लोकांच्या तक्रारी. "आज संध्याकाळी मोठ्या राउटरवर टाकाच."

मी म्हटलं, "आधी कपाटातल्या त्याच मॉडेलच्या जुन्या, मोडक्या राउटरवर टाका. तो फक्त माझ्या जुन्या कॉम्प्युटरला जोडा, बाहेरची वायर नको. तो काय काय करतो ते कॉम्प्युटर लिहून ठेवील."

"तुमी लई भिता, ताई."

"भिते. पण एक रात्र थांबा."

अण्णा थांबले. बाळूभाऊंनी फाईल टाकली, दिवे हिरवे झाले, आम्ही कुलूप लावलं.

दुसऱ्या दिवशी सकाळी कॉम्प्युटरवर पानंच्या पानं भरली होती. जुना राउटर रात्रभर इंटरनेटवरच्या एकाच अनोळखी पत्त्याला हाका मारत होता. मोठ्या राउटरवर ही फाईल असती, तर तिकडून उत्तरही आलं असतं. बाळूभाऊंनी चहा न घेताच त्याची वायर उपटली.