पलूसजवळच्या दगडावर नसलेलं नाव

हे मी आजवर कुणाजवळ बोललेलो नाही. बायकोजवळही नाही — आणि ती जाऊनही आता वर्षं झाली.

आरमारी नेतृत्वावर, अणुशक्तीवर चालणाऱ्या पाणबुड्यांवर मी आयुष्यभर पुस्तकं लिहिली. आमच्या सातारा-सांगलीकडे घरटी एक फौजी, त्यामुळे वाचकही पुष्कळ. त्यातल्या एका पुस्तकात पाणबुडीला लागलेल्या आगीचा खराखुरा प्रसंग आहे. पलूसजवळच्या एका गावचा शंकर त्या पाणबुडीवर नाविक होता. तो जागा सोडून पळाला आणि कप्तानाने एकट्याने आग रोखली, असं मी लिहिलं.

पळाला? कप्तानानेच मला सांगितलं होतं, “मीच त्याला बाहेर जा म्हणालो. तो हलायला तयार नव्हता.” पुस्तक निघण्याआधी कप्तान वारले. आणि मला — कसं सांगू? — त्या प्रकरणात एक भित्रा माणूस हवा होता. त्याच्याशिवाय कप्तान पुरेसा मोठा दिसत नव्हता.

शंकरच्या गावात पंधरा ऑगस्टला माजी सैनिक पुढच्या खुर्च्यांवर बसतात, आळीपाळीने झेंडा चढवतात. पुस्तक आलं, आणि शंकरची पाळी कधी आलीच नाही.

यंदा गावाने माजी सैनिकांच्या नावांचा दगड उभारला. अनावरणाला मला बोलावलं. दगडावर शंकरचं नाव नाही, हे मला आधीच कळलं होतं. तो मात्र माझ्यासमोर येऊन उभा राहिला.

“आवं सर, कप्तानसायबांस्नी तुमी भेटला हुता न्हवं? त्ये काय म्हनलं, तेवढं सांगा की.”

“बेडूक पाण्याला भ्यालं रं!” मागून कुणीतरी ओरडलं. लोक हसले. आणि मी काय बोललो? “पुस्तकात आहे तेच.” मग दगडावरच्या पडद्याची दोरी ओढली.

दुसऱ्या दिवसापासून तो सांगलीत माझ्या घरासमोर येऊ लागला. सकाळच्या बसने यायचा, चिंचेखाली बसायचा. हाक नाही, शिवी नाही. नुसता खिडकीकडे बघायचा — आणि मी पडदा ओढून घ्यायचो. “बाबा, त्यांना पाणी तरी देऊ का?” सूनबाईने विचारलं. मी नको म्हणालो.

शंकर पळाला नव्हता. मी खोटं लिहिलं. तो समोर उभा असतानाही खोटंच बोललो.

काल तो आला नाही. आजही नाही. पडदा मी सकाळपासून उघडा ठेवलाय. दुपारी फोन वाजला — स्क्रीनवर त्याच्या गावच्या सरपंचांचं नाव होतं. फोन वाजून वाजून थांबला. मी उचलला नाही.