हुकूम येईपर्यंत

समुद्रातल्या तेलाच्या रिगवर कामाला जायचं तर आधी आमच्या मास्तरांच्या हातून बुडावं लागायचं. बंदराजवळच्या ट्रेनिंग सेंटरमध्ये एक खोल हौद होता. त्यावर साखळीने टांगलेला पत्र्याचा डबा, आत रिगवर नेणाऱ्या हेलिकॉप्टरसारख्या खुर्च्या. माणसांना पट्टे बांधून बसवायचं, डबा पाण्यात सोडायचा आणि पाण्याखाली उलटा करायचा. पट्टा सोडून, खिडकी ढकलून वर आलात की पास. पोरं त्यांना पाठीमागे 'बुडवे मास्तर' म्हणायची. त्यांच्या कानावर ते होतंच. "कर्जबुडवा नाही ना? मग चालेल," म्हणायचे.

मी त्याच सेंटरच्या स्टोअरमध्ये होतो. लाइफ जॅकेटं धुवायची, वाळवायची, अंगाला बसतील तशी द्यायची. आम्ही राहायचोही एकाच जिन्यावर, दाराला दार लागून.

हौदानंतर वर्ग असे. रिगवर आग लागली तर काय करायचं, हे मास्तर तिथे सांगत. "घाबरून उडी मारतो तो मेला. एवढ्या उंचीवरून पाणी फरशीसारखं लागतं. सगळ्यांनी मेसमध्ये जमायचं आणि हुकूम येईपर्यंत?"

"जागचं हलायचं नाही!" सगळा वर्ग ओरडायचा.

हा नियम काही मास्तरांच्या डोक्यातून निघालेला नव्हता, कंपनीचाच होता. पण कागदावरचा नियम माणसाच्या हाडात उतरवायचा तर तो मास्तरांनीच. त्यांचा आवाजच तसा होता.

त्यांचा सगळ्यात चांगला विद्यार्थी म्हणजे त्यांचा मेहुणा. वहिनींचा धाकटा भाऊ. वहिनींनी त्याला कडेवर घेऊन वाढवलेलं, आणि मास्तरांनी शब्द टाकून रिगवर चिकटवलेलं. पोरगं पहिल्याच फेरीत हसत वर आलं होतं. "भाऊजी, अजून एकदा करू का?"

सगळ्यात वाईट विद्यार्थी एक रंगारी. रिगचा गंज खरवडून रंग द्यायचं त्याचं काम. डबा उलटला की हा लाथा झाडायचा, शेजारच्याच्या तोंडावर मारायचा. मास्तर सगळ्यांसमोर म्हणाले, "हा स्वतःही मरणार आणि चौघांना घेऊन मरणार." तिसऱ्या खेपेला कसाबसा पास झाला.

रिगवर गॅस सुटला की वाजणारा एक भोंगा होता. तो उगाचच वाजतो, झोपमोड होते, म्हणून कुणीतरी तो बंद करून ठेवला होता. हे आम्हाला नंतर कळलं. एका दुपारी तेलाच्या विहिरीतून गॅस उसळला तेव्हा भोंगा गप्पच राहिला. पहिल्याच स्फोटात कंट्रोल रूम उडाली.

आम्ही गच्चीवर गेलो. क्षितिजावर धुराचा एक जाड खांब उभा होता. वहिनींनी एकदाच विचारलं, "तीच का हो?" मास्तर म्हणाले, "हो. पण तो मेसमध्ये असेल. त्याला सगळं ठाऊक आहे."

वहिनी कंपनीच्या फाटकाशी जाऊन उभ्या राहिल्या. वाचलेल्यांना घेऊन बोटी आल्या, एकेक जण उतरला, आणि मग बोटी यायच्या थांबल्या. मेहुणा परत आला नाही. काहीच आलं नाही त्याचं.

मग तेल आलं. किनाऱ्यावरची वाळू डांबरासारखी झाली, मासेमारीच्या होड्या ओढून ठेवल्या त्या तशाच पडून राहिल्या. वास तर घराघरांत शिरला. वहिनी खिडक्या लावून घ्यायच्या आणि गुदमरलं की पुन्हा उघडायच्या.

वाचलेल्यांत रंगारी होता. हातांच्या पट्ट्या पुरत्या निघाल्याही नव्हत्या तेव्हा तो मास्तरांकडे आला. दार मीच दाखवलं म्हणून मीही आत बसलो. वहिनींनी चहा ठेवला. त्याला कप धरता येईना, म्हणून त्यांनीच तो त्याच्या तोंडाशी धरला.

"मेसमध्ये आम्ही सगळे होतो," तो म्हणाला. "दाराखालून धूर येत होता. माझ्याच्यानं बसवेना. मी म्हटलं, खाली दोर आहेत, चला. तुमचा मेहुणा म्हणाला, मास्तरांनी सांगितलंय, हुकूम येईपर्यंत हलायचं नाही. मी त्याचा हात ओढला हो. त्यानं सोडवून घेतला. उलट मलाच म्हणाला, बस खाली, घाबरू नकोस."

"मग?" मास्तरांनी विचारलं.

"मी पळालो. दोराने जमेल तेवढा उतरलो आणि खाली टाकलं स्वतःला. आम्ही पळालो ते वाचलो, मास्तर. बसले ते..."

"हुकूम का नाही आला?"

"देणारं कोण होतं? कंट्रोल रूम तर आधीच गेली होती."

वहिनींनी उरलेला चहा त्याला पाजला. तो गेल्यावर त्या मास्तरांकडे न बघता म्हणाल्या, "तो तुमचं ऐकत होता." आणि आत गेल्या. त्यानंतर त्या घरात भांड्यांचाच काय तो आवाज यायचा.

चौकशी झाली. मास्तरांना बोलावलं, त्यांनी काय शिकवलं ते सांगितलं. साहेब लोक म्हणाले, नियमाला धरूनच आहे, तुमची चूक नाही. जिन्यात भेटले तेव्हा मास्तर मला म्हणाले, "मी विचारलं, मग चूक कुणाची? तर म्हणे, तो विषय तुमचा नाही." माझी चूक आहे असं म्हणाले असते तर बरं झालं असतं, असं तोंड झालं होतं त्यांचं.

सेंटर पुन्हा सुरू झालं. नवी तुकडी वर्गात बसली. मास्तर "हुकूम येईपर्यंत" इथवर आले आणि अडले. पोरं एकमेकांकडे बघायला लागली. मग ते साध्या आवाजात म्हणाले, "हुकूम देणाराच मेला असेल तर काय कराल, ते मला माहीत नाही. रिगवर पोचलात की आधी खाली जायच्या वाटा बघून ठेवा. एक नाही, दोन. डोळे मिटून चालून बघा." हे ते प्रत्येक तुकडीला सांगायला लागले. दोन-तीन पोरांनी नोकरीच नको म्हणून सांगितलं. मॅनेजरनं मास्तरांना बोलावून घेतलं. "तुम्ही माणसं तयार करताय की पळवून लावताय?" मास्तर म्हणाले, "पळाले तेच वाचले, साहेब." त्यांच्या जागी एक तरुण आला. तो चांगला होता, जुनाच धडा खणखणीत आवाजात म्हणून घ्यायचा. मी जॅकेटं देताना भिंतीपलीकडून ऐकायचो.

मास्तर पाण्याचे पंप दुरुस्त करायच्या दुकानात लागले. हौदाकडे पुन्हा फिरकले नाहीत. वहिनी आईकडे जाऊन राहिल्या, मग परत आल्या. सासूबाईंनी मात्र जावयाशी बोलणं टाकलं ते कायमचंच.

रंगाऱ्यानं बरीच वर्षं किनाऱ्यावर मिळेल ते काम केलं. हात धड वळत नव्हते, कोण ठेवून घेणार? मग कंपनीनं समुद्राच्या त्याच पट्ट्यात नवी रिग उभी केली आणि जुन्या माणसांना आधी घेऊ म्हणाली. जायच्या आदल्या दिवशी तो मास्तरांच्या पाया पडायला आला, तेव्हा मीही तिथेच बसलो होतो.

"जाऊ नकोस," मास्तर म्हणाले.

"दुसरं काय करू? सांगा."

मास्तरांनी त्याला टेबलाशी बसवलं आणि विचारलं, "नव्या रिगचा नकाशा दाखवला का तुम्हाला?" रंगाऱ्यानं टेबलावर बोटानं रिग काढली. मेस इथे, जीव वाचवायची होडी इथे, दोर इकडे. मास्तर एकेक वाट वदवून घेत होते. वहिनी दाराशी उभ्या होत्या. त्या पुढे आल्या, खुर्ची ओढून बसल्या.

"हा जिना पेटला तर?" त्यांनी विचारलं.

"तर मागनं, ताई. पाइपांच्या बाजूनं."

"आणि वारा तिकडचाच असला तर? सगळा धूर तिकडेच."

रंगाऱ्यानं बोट मागे घेतलं. मग वहिनींनी स्वतःच बोट ठेवलं, पार कडेला, जिथे टेबल संपत होतं. "इथून," त्या म्हणाल्या. "कुणाला विचारू नकोस."

त्यानं मान हलवली. सकाळी त्याची गाडी लवकर होती, म्हणून तो उठला. मास्तर त्याला सोडायला खालपर्यंत गेले आणि बराच वेळ वर आले नाहीत.