हॅनोवरच्या राजाचं थडगं आणि आमची दिवाळी

माझे सासरे तीन महिन्यांसाठी आमच्याकडे हॅनोवरला आले, तेव्हा त्यांच्या बॅगेत चार शर्ट, दोन स्वेटर, रक्तदाबाच्या गोळ्या आणि एक दोनशेपानी वही होती. वहीत इंग्लंडच्या राजाराण्यांची थडगी होती. म्हणजे थडग्यांची यादी हो. नाव, राज्य केव्हा केलं, पुरलं कुठे, आणि शेवटी चौथा रकाना, ‘पाहिले’. हा चौथा रकाना वरपासून खालपर्यंत कोरा करकरीत. बाबा जन्मात इंग्लंडला गेले नव्हते.

ते कऱ्हाडकडच्या एका हायस्कुलात इतिहास शिकवायचे. पुस्तकात राजा गादीवर कधी बसला, लढाया किती केल्या, सगळं असायचं. “पण शेवटी ठेवला कुठे, ते कोणी सांगतच नाही,” असं बाबांचं म्हणणं. म्हणून मग लायब्ररीत बसून त्यांनी एकेकाचा पत्ता लावला. तीस वर्षं हा उद्योग. एक राजा म्हणे कार पार्किंगच्या खाली सापडला. एकाचं फ्रान्समध्ये नुसतं मांडीचं हाड उरलंय. दोघी सावत्र बहिणी, एकमेकींवर कधी विश्वास न ठेवलेल्या, एकाच थडग्यात एकीवर एक ठेवल्यात. “सासू-सुनांना असं ठेवलं तर काय होईल गं?” असं त्यांनी मला एकदा सासूबाईंच्या देखत विचारलं होतं. आता सासूबाई नाहीत. त्या गेल्यापासून बाबांची थट्टा बरीच कमी झाली आहे, वही मात्र जास्त उघडते.

तर या यादीतला एक राजा आमच्या हॅनोवरचा. मूळचा इथलाच, इंग्लंडची गादी चालून आली म्हणून तिकडे गेला, आणि इकडे घरी यायला निघाला असताना वाटेतच वारला. त्याला पुन्हा इंग्लंडला कोणी नेलं नाही. इथेच ठेवला. आमच्या घरापासून ट्रामने वीस मिनिटं.

बाबा आल्या दिवसापासून विचारत होते, “जाऊया का?” आणि मी म्हणत होते, “शनिवारी बघू.” शनिवारी लॉन्ड्री, लेकीचं स्विमिंग, आठवड्याचं सामान. दुसऱ्या शनिवारी पाऊस. तिसऱ्या शनिवारी मला खरंच कंटाळा आला होता. चौथ्यांदा त्यांनी विचारलं तेव्हा मी चकलीच्या भाजणीत हात घालून उभी होते, ऑफिसचा फोन वाजत होता, आणि माझा तोल सुटला. “अहो बाबा, सणासुदीच्या तोंडावर कबरी कसल्या बघायच्या! होऊ दे की दिवाळी!”

त्यांनी वही मिटली आणि खाली बाकावर जाऊन बसले. तिथे तळमजल्यावरच्या जर्मन आजी त्यांच्या कुत्र्याला घेऊन बसायच्या. त्यांना इंग्रजी येत नव्हतं, बाबांना जर्मन. तरी दोघं रोज अर्धा तास बोलायचे, काय ते देव जाणे.

दोन दिवसांनी, धनत्रयोदशीला सकाळी, बाबांच्या छातीत कळ आली. अ‍ॅम्ब्युलन्स आली, त्यांना खुर्चीत बसवून जिन्यावरून खाली नेलं. आजी कुत्र्याला कवेत घेऊन दारात उभ्या होत्या. बाबांना नेत होते त्याच हॉस्पिटलात त्यांची मुलगी नर्स आहे, हे मला माहीत होतं. हे पुढे माझ्या चांगलंच अंगाशी आलं.

मनगटातून नळी घालून स्टेंट बसवायचा ठरला. आत जाण्यापूर्वी बाबांनी दोनच गोष्टी सांगितल्या. नवऱ्याला म्हणाले, “माझी वही आणून दे.” आणि मला म्हणाले, “लक्ष्मीपूजनाला दारात दिवे लागले पाहिजेत. माझ्यापायी दिवाळी मोडायची नाही.”

मी हो म्हटलं. दुसरं काय म्हणणार? रात्रंदिवस डोक्यात एकच, की या माणसाने चार वेळा एक साधी गोष्ट मागितली आणि मी त्याच्यावर खेकसले. हे जर आता गेले तर ते वाक्य मी कुठे ठेवू?

स्टेंट नीट बसला. डॉक्टर म्हणाले, दोन-तीन दिवस लक्ष ठेवू. लक्ष्मीपूजनाच्या संध्याकाळी मी हॉस्पिटलातून थेट घरी निघाले, तर आठवलं की तळघरातल्या आपल्या मातीच्या पणत्या मागच्या वर्षीच फुटल्यात. ट्रामच्या स्टॉपजवळच्या सुपरमार्केटात शिरले. दारातच ढीग लावलेला! लाल प्लॅस्टिकच्या पेल्यातले दिवे, वर सोनेरी झाकण, वाऱ्यात विझत नाहीत, दोन-दोन दिवस जळतात. वा, म्हटलं, लक्ष्मीच पावली. दरवर्षी आमच्या बाल्कनीतल्या पणत्या वाऱ्याने पटापट विझतात. मी वीस दिवे उचलले. घरी येऊन लेबलं न वाचता खरवडून काढली आणि बाल्कनीच्या कठड्यावर ओळीने मांडले. आठ वर्षांची लेक पूजेसाठी फ्रॉक बदलून आली, दिव्यांकडे बघितलं, माझ्याकडे बघितलं आणि गप्प बसली. मला वाटलं, आजोबांची आठवण येत असेल.

दिसत होते हो सुंदर! लालभडक, संथ. समोरच्या इमारतीतून दोघंतिघं खिडकीत येऊन बघून गेले. मी कौतुकाने हातसुद्धा हलवला.

पाडव्याच्या सकाळी नवरा ऑफिसला गेला, लेक शाळेत. मी केर टाकायला खाली गेले तर आमच्या पत्रपेटीखाली पांढऱ्या फुलांची एक कुंडी, आणि पेटीत काळ्या किनारीचं पाकीट. आत आजींचं अक्षर. माझं जर्मन बेताचं, पण एवढं कळण्याइतकं नक्की आहे. ‘तुमच्या दुःखात मी मनापासून सहभागी आहे. ते फार सभ्य गृहस्थ होते. बाकावर त्यांची जागा मला रोज रिकामी दिसेल.’

मी तिथेच पायरीवर बसले. आजींची मुलगी नर्स. म्हणजे तिने आईला सांगितलं. म्हणजे पहाटे कधीतरी झालं, आणि हॉस्पिटलवाल्यांनी आम्हाला कळवायच्या आधी हे कार्ड लिहूनसुद्धा झालं! मी नवऱ्याला फोन लावला, तो मीटिंगमध्ये. वॉर्डात लावला, नुसता वाजतोय. आजींचं दार बडवलं, त्या कुत्र्याला फिरवायला गेलेल्या. मग मी केराची पिशवी तिथेच टाकली आणि घरातल्या सपाता घालूनच ट्रामकडे पळत सुटले.

ट्राममध्ये माझ्या शेजारच्या बाईने मला टिश्यू दिला. मला तेव्हा कळलं की मी रडतेय. ती वीस मिनिटं मी आयुष्यात विसरणार नाही. स्टॉपांच्या घोषणेत, राजाचं थडगं आहे त्या बागेकडे जायला इथे ट्राम बदला, असं सांगितलं, आणि मला हुंदका आवरेना. तिथेच तर जायचं होतं त्यांना. वीस मिनिटांचा तर प्रश्न होता, मेलीला मला शनिवार मिळाला नाही!

वॉर्डचं दार ढकललं. बाबा खिडकीपाशी खुर्चीत बसून पावाला जॅम लावत होते.

“काय गं, सपाता घालून आलीस? आणि यांना सांग जरा, चहा म्हणून हे काय गवताचं पाणी देतात.”

मी त्यांच्या पायाशी जमिनीवर बसकण मारली आणि भोकाड पसरलं. पंधरा वर्षांत त्यांच्यासमोर मोठ्याने हसले असेन, पण अशी कधी रडले नव्हते. बाबा बिचारे घाबरले, हातातला पाव मलाच द्यायला लागले. मी तो खाल्लासुद्धा. जीव भांड्यात पडणे म्हणजे काय, ते मला त्या जॅमच्या पावाने समजलं.

मग त्यांना कार्ड दाखवलं, वाचून दाखवलं. त्यांनी चष्मा पुसून ते उलटसुलट बघितलं. “बाई चांगली आहे,” म्हणाले. “पण मला मारलं का हिने?”

उत्तर दुपारी शाळेतून आल्यावर लेकीने दिलं. मराठी सगळं समजतं तिला, उत्तर मात्र जर्मनमध्ये येतं. “मम्मा, दास सिंड डोख ग्राबलिष्टर!” म्हणजे काय, तर हे कबरीवर लावायचे दिवे आहेत. मैत्रिणीच्या आजीच्या कबरीवर तिने पाहिलेत. नोव्हेंबरात मेलेल्यांची आठवण करतात, म्हणून दुकानात ढीग. मी कपाळाला हात लावला. सहा वर्षं या देशात राहतेय, पण दफनभूमीच्या भिंतीपलीकडे कधी डोकावले नाही. आपण जातो का उगीच तसल्या जागी? अ‍ॅम्ब्युलन्समधून म्हातारा गेला आणि तिसऱ्या दिवशी बाल्कनीत वीस कबरीचे दिवे, शेजाऱ्यांनी दुसरं काय समजायचं! आणि मी त्यांना हात हलवत होते.

“मग काल बोलली का नाहीस गं?” मी ओरडले. लेकीने खांदे उडवले. तिला वाटलं, आईला माहीत असणार.

भाऊबीजेच्या दुसऱ्या दिवशी बाबा घरी आले. आजींनी त्यांना जिन्यात पाहिलं, किंचाळल्या, आणि मग सरळ मिठी मारली. बाबा अंग चोरून उभे, कान लालेलाल. मी माफी मागून ते कार्ड परत द्यायला लागले तर बाबांनी माझ्या हातातून काढून घेतलं. “राहू दे माझ्याकडे. आपल्याबद्दल इतकं चांगलं जिवंतपणी कोणाला वाचायला मिळतं?”

शनिवारची वाट मी पाहिलीच नाही. डॉक्टरांनी थोडं चालायला परवानगी दिली त्याच्या दुसऱ्या दिवशी, मंगळवारी, ऑफिसातून सुट्टी घेतली आणि बाबांना ट्राममध्ये बसवलं. थडगं एका बागेत आहे. लिंडनच्या झाडांच्या दोन रांगा, पानं सगळी खाली, आणि टोकाला दगडी खांबांची एक बसकी इमारत. दार बंद. आत जाता येत नाही. मला वाईट वाटलं, एवढ्यासाठी का तीस वर्षं! पण बाबा खूश. “आधी गावातल्या राजवाड्यात होता,” ते सांगायला लागले. “युद्धात तिथे बाँब पडले, मग याला इकडे हलवला. मेल्यावरसुद्धा घर बदलावं लागलं बघ.” बंद दारासमोर ते वर्गात उभे असल्यासारखे उभे होते, आणि विद्यार्थी मी एकटी.

मी पिशवीतून एक लाल दिवा काढला. विसातले चार उरले होते. बाबांनी वाकून तो पायरीच्या कडेला ठेवला, मी काडी ओढली. पानं गोळा करणाऱ्या माळ्याने आमच्याकडे बघितलं, मान हलवली आणि आपल्या कामाला लागला. चला, या गावात एकदा तरी आमचा दिवा बरोबर जागी लागला.

“लिही,” बाबांनी वही माझ्यापुढे धरली. “तूच लिही, माझा हात अजून दुखतो.” मी त्या राजाची ओळ शोधली आणि चौथ्या रकान्यात बरोबरची खूण केली. सबंध वहीतली पहिली. मग सहज यादीच्या शेवटाकडे पानं उलटली.

सगळ्यात खाली, सगळ्या राजाराण्यांच्या खाली, एक ओळ नवी होती. हॉस्पिटलच्या पेनाने, वाकड्या अक्षरात. नावाच्या रकान्यात बाबांचं नाव. राज्याच्या रकान्यात, ‘इतिहास, इयत्ता आठवी ते दहावी’. कुठे, या रकान्यात, ‘इथे गेलो तर इथेच. न्यायची धावपळ करू नये. सूनबाईंना बोल लावू नये, त्यांना वेळ नव्हता.’

मला दिसेनासं झालं. आत जाण्यापूर्वी वही मागितली होती ती याच्यासाठी. मनगटात नळी घालायच्या आधी हा माणूस मला वाचवत बसला होता!

“हे काय लिहिलंत?” माझा आवाज चढला. “हे खोडा आधी!”

“अगं, लागेल कधीतरी. आखलेली ओळ रिकामी होती.”

“लागेल तेव्हा लिहा!” मी पेन घेतलं आणि ती ओळ खोडली. एकदा नाही, कागद फाटेपर्यंत खोडली. बाबा मग हळूच हसले, सासूबाई असताना हसायचे तसे. किती दिवसांनी!

“वही फाडलीस माझी,” म्हणाले.

“नवी आणते.”

परतीच्या ट्राममध्ये ते वही मांडीवर घेऊन बसले. फाटलेल्या जागेत त्यांनी आजींचं कार्ड खूण म्हणून घातलं होतं. दोन स्टॉप गेल्यावर म्हणाले, “ते मांडीचं हाड आहे ना, फ्रान्समधलं. फार लांब आहे का गं इथून?”

‘शनिवारी बघू’ अगदी ओठांवर आलं होतं. मी ते गिळलं, फोन काढला आणि म्हटलं, “बाबा, गावाचं नाव सांगा. स्पेलिंगसकट.”