गौरीची कॅसेट

मेल्यानंतर माझ्या बहिणीला मिशी फुटली.

खोटं वाटत असेल तर बिडकीनच्या चौकात जाऊन फ्लेक्स बघा. खाली 'शोकाकुल' म्हणून नावांची ही रांग. ती अकरा दिवस काविळीनं दवाखान्यात पडून होती, तेव्हा यातला एकही फिरकला नाही.

फ्लेक्सवर नाव गणेश. फोटो बारावीच्या हॉल तिकिटावरचा. त्यात मिशी नव्हती, म्हणून आमच्या थोरल्या काकांनी कॉम्प्युटरवाल्याकडून चिकटवून घेतली.

तिचं नाव गौरी होतं.

बजाजनगरमध्ये तिचं छोटं पार्लर होतं. कंपनीतल्या बायका तिच्याशिवाय दुसऱ्या कुणाला भुवयांना हात लावू द्यायच्या नाहीत. आमचं खानदान मात्र ती समोर आली की रस्ता बदलायचं.

वडील गेल्यापासून घरात काकांचाच शब्द. गौरी एकोणीस वर्षांची असताना, एका लग्नात मांडवामागं नेऊन त्यांनी तिची वेणी कात्रीनं कापली. दोघांना तिचे हात धरायला लावून.

याला ते 'वळण लावणं' म्हणतात.

त्याच आठवड्यात ती घर सोडून गेली. जाताना एक व्हिडिओ कॅसेट घेऊन गेली.

ती कॅसेट काकांनीच काढलेली. नवा हँडीकॅम मिरवायचा होता, म्हणून आपल्या धाकट्याच्या बारशाचं शूटिंग केलं. त्यात नऊ वर्षांची गौरी आईची हिरवी साडी गुंडाळून नाचतेय. लई सुंदर नाचतेय.

मागून काकांचा आवाज येतो, "नाव काय गं तुझं?"

"गौरी."

सगळे खो खो हसतात. काका इतके हसतात की कॅमेरा हलतो.

ती हसत नाही. विचारलेल्या प्रश्नाचं तिनं उत्तर दिलेलं असतं.

पुढं तिनं ती पेन ड्राइव्हवर करून घेतली. एक कॉपी मलाही दिली. म्हणाली, "ताई, मी शहरात जाऊन बिघडले असं कुणी म्हणलं, तर त्याला हे दाखव."

परवा तेराव्याला काका मला म्हणाले, "ते बारशाचं शूटिंग तुझ्याकडं आहे ना? आण इकडं. जाळून टाकू. लोकांत काय इज्जत राहील आपली?"

"व्हय काका, आणते."

आणलं. आणि पंगत बसलेली असताना टीव्हीला लावलं.

काकांचा आवाज सगळ्यांनी ओळखला. कुणाचाच घास पुढं जाईना.

"बंद कर ते!" काका ताटावरून उठले. माझ्यावर हात उगारला.

तेवढ्यात स्वयंपाकघरातून आई आली. काकांसमोर डोक्यावरचा पदर कधी ढळू न देणारी माझी आई.

"हात खाली घ्या, भाऊजी."

मग ती टीव्हीसमोर जमिनीवर बसली. मला म्हणाली, "पुन्हा लाव. माझी गौरी नाचतेय. बघू दे मला."

तिच्या तोंडून हे नाव मी पहिल्यांदा ऐकलं. जिला ऐकायचं होतं, ती तेरा दिवसांपूर्वीच गेली होती.

काका न जेवता निघून गेले. त्यांच्यामागं आणखी चारपाच इज्जतदार. उपाशी गेले, बरं झालं.

व्हिडिओ खाली टाकतेय. आईच म्हणाली, टाक.

नातेवाइकांनी इथं RIP लिहायचे कष्ट घेऊ नयेत. ब्लॉक करीन.

गौरी, सगळ्या परिवाराच्या वतीनं वगैरे नाही. फक्त आईचा आणि माझा, तुला शेवटचा नमस्कार.

तुझी ताई