पकडसोड सरांच्या अकरा नळ्या

कोणी पेढे घेऊन आलं आणि म्हणालं, "सर, रिपोर्ट चांगला आला," की आमचे सर पेढा हातात धरून ठेवत, तोंडात घालत नसत. आधी विचारत, "कोणत्या टेस्टचा? पकड किती तिची?" समोरचा माणूस गडबडून जाई. बिचारा बायकोची गाठ साधी निघाली म्हणून देवाला नारळ फोडून आलेला, त्याला कुठली पकड अन् कुठलं काय! मग सर स्वतःच हसत, पेढा खात आणि म्हणत, "चांगलंच हाये बाप्पा. पण विचारून घ्यावं." त्यांचं खरं नाव फार थोड्यांना ठाऊक असेल. मंगरूळपीरला एका ट्रस्टच्या दवाखान्यात आमची दोन खोल्यांची लॅब होती. तिथं झाडूवाल्या मावशीपासून डॉक्टरांपर्यंत सगळे त्यांना पकडसोड सर म्हणत. तोंडावर म्हणत. त्यांना ते आवडायचं.

मीही म्हणायची. सात वर्षं मी त्यांच्या हाताखाली तंत्रज्ञ होते आणि त्या सात वर्षांत बापाचं ऐकलं नसेल इतकं त्यांचं ऐकलं. त्यांच्या एका आकड्यावर विसंबून मी माझ्या धाकट्या बहिणीचं, रंजनाचं, लग्न ठरू दिलं. तिचा सोहम आज चार वर्षांचा आहे आणि महिन्या-दोन महिन्यांनी हाडं दुखतात म्हणून रडतो. तेव्हा या माणसाबद्दल मी गोडगोड लिहीन अशी अपेक्षा ठेवू नका. पण खोटंही लिहिणार नाही. माणूस गोड होता, हीच तर माझी तक्रार आहे.

सर मेडशीचे. घरची सोयाबीन-तूर भाऊ पाहायचा, हे संख्याशास्त्र शिकले आणि मग कसे कोण जाणे लॅबमध्ये येऊन बसले. कोणतीही टेस्ट किती खरी बोलते ते मोजणं हा त्यांचा ध्यास. पुस्तकात त्याला संवेदनशीलता, विशिष्टता असे जड शब्द आहेत. मी नवी असताना ते पाठ करत बसले होते, तर त्यांनी माझी वही मिटवली. "तुह्या बापाच्या मळ्यात कुत्रं हाये ना?" म्हणाले. "दहा चोर आले अन् नवांवर भुंकलं, तं पकड नऊ. दहा सोयरे आले अन् आठांले गुपचूप येऊ देलं, तं सोड आठ. जे साऱ्याइवरच भुंकते त्याची पकड पुरी, पण सोयरे पळून जातात. जे झोपूनच राह्यते त्याची सोड पुरी, पण वांगे जातात. झालं तुह्यं शास्त्र." मग बोट पाण्यात बुडवून टेबलावर चार खणांचा तक्ता काढला: आजारी अन् पकडला, आजारी अन् सुटला, धडधाकट अन् पकडला, धडधाकट अन् सोडला. तो तक्ता ते कुठंही काढत. चहाच्या टेबलावर, एसटीच्या धुळकट काचेवर, एकदा तर दवाखान्याच्या डॉक्टरीणबाईंच्या गाडीच्या बॉनेटवर. बाई चिडल्या, मग त्याच तक्त्यात डोकं घालून अर्धा तास भांडत उभ्या राहिल्या.

आमच्याकडं सिकलसेल फार. रक्तातल्या लाल पेशी कोयत्यासारख्या वाकतात, असा हा आईबापांकडून येणारा आजार. ज्याच्याकडं तो एकाच बाजूनं आला तो वाहक. त्याला स्वतःला सहसा त्रास नसतो, पण वाहकानं वाहकाशी लग्न केलं तर प्रत्येक बाळंतपणात बाळ आजारी निघण्याची चारांत एक अशी भीती. म्हणून लग्नाआधी तपासणी. आमची तपासणी साधी होती. औषधाच्या नळीत रक्ताचा थेंब टाकायचा आणि नळीमागं काळ्या रेघांचं कार्ड धरायचं. नळीतून रेघा दिसल्या तर निगेटिव्ह. रक्त गढूळ होऊन रेघा झाकल्या गेल्या तर पॉझिटिव्ह, मग तो नमुना पक्क्या तपासणीसाठी मोठ्या शहरात मशीनवर जायचा. नळी पाहताना सर तिच्यावरच्या नावाला चिकटपट्टी लावत. पाहणाऱ्याला नाव कळता कामा नये. "नाव वाचलं का डोये लबाडी करतात," म्हणायचे. स्वतःच्या पुतणीची नळीसुद्धा त्यांनी पट्टी लावून चार नळ्यांत मिसळून पाहिली, हे मी पाहिलंय.

आणि मग धुरकट नळ्या. रेघा दिसतात म्हणावं तर दिसतात, नाही म्हणावं तर नाही, अशा. नव्या माणसाला त्यांचा फार कंटाळा येतो. आसेगावच्या शिबिरात मीही अशी एक नळी नोंद न करता टाकून दिली होती. संध्याकाळी परत आल्यावर सरांनी रजिस्टरातली नावं आणि नळ्या मोजल्या. एक कमी. मला वाटलं आता ओरडतील. ओरडले नाहीत. दुसऱ्या दिवशी पहिल्या एसटीनं आसेगावला गेले, ती बाई निंदायला गेली होती तर शेतात जाऊन धुऱ्यावर, म्हणजे बांधावर, तिचं रक्त घेतलं आणि दुपारी घामाघूम होऊन परत आले. पाण्याचा तांब्या रिकामा केल्यावर मला म्हणाले, "वनिता, धुरकट नळी फेकणारा माणूस रिपोर्ट लिहीत नाही, जाहिरात लिहिते." मी लाजेनं मेले. ते वाक्य मी वहीच्या पहिल्या पानावर लिहून ठेवलं. अहो, लिहून ठेवलं मी ते!

त्यानंतर दोनेक वर्षांनी नवीन किट आलं. नळी आणि कार्ड तेच, पण शिबिरात जागच्या जागी पाच मिनिटांत निकाल, बर्फाची पेटी नको. ट्रस्टला ते हवं होतं, पण आधी त्याची पकड मोजायची होती. काम सरांकडं आलं. नमुने मी वाचले, हिमोग्लोबिनसुद्धा मीच लिहिलं, सगळं नावांवर पट्टी लावून. त्याच सुमारास बाबांचं ऑपरेशन निघालं आणि मी पंधरा दिवस सुट्टीवर गेले. परत आले तोवर सरांनी मोजणी पुरी केली होती. पकड जवळजवळ पूर्ण! सगळ्या लॅबला जिलेबी. मी कधी नाही ते सरांच्या पाया पडले. त्यानंतर किटनं निगेटिव्ह दाखवलं की पक्की तपासणी नाही, असं ठरलं. किटच्या कागदावर दोनच चौकोन होते, पॉझिटिव्ह आणि निगेटिव्ह. धुरकटसाठी जागा नव्हती. मोजणीत मीच काही ठिकाणी धुरकट लिहिल्याचं आठवत होतं, म्हणून विचारलं, तर सर म्हणाले, "ते नमुनेच खराब व्हते. या किटात धूर येतच नाही ना आता." मला पटलं. त्यांनी सांगितल्यावर न पटायला काय झालं!

रंजनाला स्थळ आलं ते चांगलं होतं. मुलाकडच्यांनी पहिल्याच बैठकीत सांगून टाकलं, "पोरगा वाहक हाये. तुमच्या पोरीचं पाहून घ्या, मंग बोलू." अशी सरळ माणसं किती मिळतात? मी रंजनाचं रक्त घेतलं, किट लावलं, कार्ड धरलं. रेघा दिसत होत्या. पण मला वाटलं, जराशा मळल्यासारख्या दिसतात. रंजना तशी लहानपणापासून पांढुरकीच, रक्त कमी. मी नळी घेऊन सरांकडं गेले, म्हटलं ही पक्क्या तपासणीला पाठवू का? त्यांनी नळी उजेडात धरली. बराच वेळ धरली. मग म्हणाले, "बहीण हाये म्हणून तुले धूर दिसून राह्यला. नावावर पट्टी लाव अन् मंग पाह्य." मी पट्टी लावली. दुसऱ्या दोन नळ्यांत ठेवून पाहिलं. रेघा दिसल्या. माझ्याच हातानं मी निगेटिव्ह लिहिलं, घरी जाऊन आईला सांगितलं आणि बाबांनी तारीख काढली.

सोहम वर्षाचा होत आला होता तेव्हा त्याचे हातपाय सुजले. रंजना त्याला घेऊन आली, पोरगं हात लावू देईना. सूज पाहिली आणि मी ओळखली. सगळ्यांचं रक्त मशीनवर पाठवलं, बाळाचं, जावयाचं आणि रंजनाचं. रंजना वाहक होती. पोराला आजार होता. ती माझ्याकडं बघून एवढंच म्हणाली, "ताई, तुनं पाह्यलं व्हतं ना?" मी म्हटलं, कोणत्याच टेस्टची पकड शंभर नसते गं, सुटणाऱ्यांत आपण सापडलो. सरांनी शिकवलेलंच तिला सांगितलं. आणि स्वतःलाही तेच सांगत राहिले, की नशीब. सर तोवर निवृत्त होऊन मेडशीला गेले होते. त्यांना फोनवर सांगितलं तर त्यांनी फोन ठेवून दिला. मला वाटलं, रडतायत.

पुढं मला उगाच वाटायला लागलं की रक्त कमी असणाऱ्यांतच किट चुकत असेल. बघावं म्हणून मी कपाटातून त्या मोजणीचं रजिस्टर काढलं. माझं अक्षर, माझ्या नोंदी. एका नोंदीसमोर मी लिहिलेलं "धुरकट" आणि त्यावरून फूटपट्टी लावून ओढलेली सरळ तांबडी रेघ. शेजारी सरांच्या सुंदर अक्षरात, "नमुना अयोग्य, वगळला." पान उलटलं, आणखी एक. पुन्हा एक. अकरा. अकराही बाया, अकराही जणींचं हिमोग्लोबिन कमी, आणि एकीचाही नमुना पक्क्या तपासणीला पाठवलेला नाही. आजारी की धडधाकट, चार खणांपैकी कुठल्याच खणात त्या नव्हत्या. पकड पूर्ण का आली ते मला उभ्या उभ्या कळलं. असा केसानं गळा कापलेला मी दुसरा पाहिला नाही. खुर्चीवर बसले आणि अकराही नावं वहीत उतरवून घेतली.

रविवारी मेडशीला गेले. रजिस्टर पिशवीत. काकूंनी चहा ठेवला तो मी घेतला नाही. रजिस्टर उघडून सरांच्या मांडीवर ठेवलं. त्यांनी पाहिलं आणि नाकारलं नाही, तेवढं त्यांच्या पदरात टाकते.

"पातळ रक्ताच्या बायांत धूर येऊन राह्यला व्हता," ते म्हणाले. "त्या अकरा धरल्या असत्या तं पकड खाली येत व्हती. मंग जुन्या टेस्टचा खर्च झेपत नाही म्हणून ट्रस्टवाले शिबिरंच बंद करणार व्हते. एकही पोरगी तपासल्या गेली नसती, वनिता."

"मग एक ओळ लिहायची होती ना सर! रक्त कमी असेल तर पक्की तपासणी करा. एक ओळ!"

"लिहिणार व्हतो."

"कधी?"

त्यांनी रजिस्टर मिटवलं. मी मग जे विचारायला आले होते ते विचारलं. "रंजनाची नळी तुमच्या हातात दिली तेव्हा या अकरा आठवल्या नव्हत्या?"

खोटं बोलले असते तरी मी मानलं असतं, इतकं मला ते हवं होतं. ते म्हणाले, "आठवल्या. म्हणूनच तुले पट्टी लावाले सांगतलं. मले वाटलं, एवढ्याशा धुरात काही नसन."

चुकीच्या गोष्टीनं फसवलं असतं तर मला इतकं लागलं नसतं. या माणसानं मला शिकवलेली सगळ्यात चांगली गोष्ट वापरून माझे डोळे झाकले. मी रजिस्टर उचललं आणि निघाले. काकू दारापर्यंत "काय झालं, काय झालं" करत आल्या. मी सांगितलं नाही. सरांनीच सांगावं.

रंजनाला मात्र सगळं सांगितलं. ती भांडली नाही, शिव्या दिल्या नाहीत. फक्त आता सोहमचा कोणताही रिपोर्ट आला की ती मला वाचायला देत नाही, डॉक्टरीणबाईंकडून वाचून घेते. माझ्यासमोर पाकीट दुमडून पर्समध्ये ठेवते. मी बहीण आहे, हेच काम करते, आणि मी चहा टाकायला आत जाते.

लॅबमध्ये मी ते रजिस्टर डॉक्टरीणबाईंपुढं ठेवलं. त्या खूप बोलल्या, मलाही बोलल्या, बरोबरच आहे. आता रक्त कमी असलेली प्रत्येक बाई पक्क्या तपासणीला जाते आणि कागदावर तिसरा चौकोन आहे. त्या अकरा जणींना शोधायला मला सहा महिने लागले. काहींची लग्नं झालेली, दोघी जिल्ह्याबाहेर गेलेल्या. एकीनं दारातच विचारलं, "तवा काहून नाई सांगतलं?" मी तिची माफी मागितली. सरांच्या वाटणीचीही मीच मागितली, याचा राग अजून गेलेला नाही. अकराही जणींचं रक्त मिळालं, अकराही निकाल आले आणि एकेकीच्या घरी जाऊन मी तो तिच्या हातात दिला.

हे सरांच्या कानावर गेलंच. एका दुपारी फोन आला. कशी आहेस नाही, सोहम कसा आहे नाही. घसा खाकरला आणि म्हणाले, "वनिता, अकरातल्या किती निघाल्या?"

मला दिसत होतं, कागद पुढ्यात असणार, पेनाचं टोपण काढलेलं असणार. तेवढा एक आकडा मिळाला की त्यांची मोजणी पुरी होणार होती. खरी पकड निघणार होती. आणि खरं सांगते, सांगावंसं वाटलं. त्या आकड्याचं वजन माझ्याइतकं ज्याला कळेल असा दुसरा माणूस मला माहीत नाही. मी म्हटलं, "सर, ठेवते," आणि ठेवला.

त्यानंतर दोनदा फोन येऊन गेला. शेजारच्या गावच्या कंडक्टरबरोबर चिठ्ठीही आली, तीत एवढंच, "फक्त आकडा सांग." मी सांगितला नाही. इथंही लिहीत नाही, कारण हे छापून आलं की ते वाचतील, आणि आधी तोच शोधतील.